जुन्या चित्रफितींची राखण

चिंचपोकळीच्या पुलावर आज उभे राहिले, तर चहूकडे उंच इमारती दिसतात. एके काळी या भागात गिरण्यांची धुराडी दिसत. १८ जानेवारी १९८२ रोजी गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले. पुढे एकेक गिरणी बंद पडत गेली. आता समजा, दूरचित्रवाणीवर ही हकीकत दाखवायची आहे. भोंगा होताच फाटकातून आत शिरणारे कामगार आणायचे कुठून? ते दृश्य आज नव्याने टिपता येणार नाही. कुणी तरी ते जपून ठेवलेले असावे लागते. हे जपणे आणि मागेल त्याला पुरवणे, हा एक स्वतंत्र व्यवसाय आहे. बियाणे राखणाऱ्या शेतकऱ्याला त्याचे मोल सांगायला नकोच.

हे काम अवघड का, ते पाहू. १९५० च्या सुमारापर्यंत चित्रपट नायट्रेटच्या फितीवर निघत. ही फीत चटकन पेट घेते. नंतर आलेली ॲसिटेटची फीत दमट, उष्ण हवेत आंबूस वास मारू लागते, आक्रसते. व्हिडिओ टेपला बुरशी धरते. म्हणून यांना थंड, कोरडी कोठी लागते. त्यातच फितीतल्या चांदीसाठी कित्येक जुनी रिळे मोडीत गेली. पहिला बोलपट ‘आलम आरा’ १४ मार्च १९३१ रोजी गिरगावच्या मॅजेस्टिक चित्रगृहात लागला; आज त्याची एकही प्रत उपलब्ध नाही. बाहेरच्या देशांतही हेच. माणूस चंद्रावर उतरला, त्या १९६९ च्या रात्रीचे बीबीसीचे बहुतेक कार्यक्रम आज उरलेले नाहीत.

आपल्याकडे १९६४ साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघाले. तिथे पी. के. नायर यांनी १९९१ साली निवृत्त होईपर्यंत गावोगाव हिंडून रिळे जमवली. दादासाहेब फाळक्यांच्या चित्रपटांचे उरलेसुरले भागही त्यांनीच मिळवून सांभाळले.

पण नुसते सांभाळून भागत नाही, बरं का! मागणी आली की संग्राहक नोंदवही पाहतो, दृश्य हुडकतो, हक्क कुणाचा ते तपासतो, मग प्रत काढून देतो. डब्यावर नुसते ‘मोर्चा’ एवढेच लिहिले असेल, तर तो कुठला, कोणत्या साली निघाला, हे कसे कळावे? अंदाजाने दिले, तर एका मोर्चाचे चित्र दुसऱ्याच्या नावावर खपते, आणि पाहणारे तोच इतिहास समजतात.

शिक्षक बंधुभगिनींनो, शाळेतल्या समारंभाचे, गावच्या जत्रेचे चित्रण आता मोबाइलवरही होते. त्यासोबत चार गोष्टी त्याच दिवशी लिहून ठेवा : ठिकाण, तारीख, माणसांची नावे आणि चित्रण कुणी केले. एक प्रत दुसऱ्या जागी ठेवा. हे काम मुलांकडूनही करून घ्या. पन्नास वर्षांनी कुणी आपल्या गावाविषयी विचारील, तेव्हा दाखवायला काही तरी हाताशी असेल.