पारावरच्या मूर्तीची नोंद

भंडारा जिल्ह्यातल्या पवनीच्या जगन्नाथ टेकडीवर 1969-70 साली नागपूर विद्यापीठ आणि भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाने उत्खनन केलं आणि दोन हजार वर्षांहून जुना बौद्ध स्तूप उजेडात आला. त्यातल्या एका स्तंभावर रिकाम्या आसनावर फणा धरलेला मुचलिंद नाग कोरलेला आहे, सोबत ब्राह्मी लिपीत त्याचं नावही. तो स्तंभ आज दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. शां. भा. देव आणि जगत्पती जोशी यांचा उत्खनन अहवाल 1972 मध्ये छापून आला. त्या स्तंभाचं गाव कोणतं, हा प्रश्न आता जगात कुठेही कोणाला पडणार नाही.

मी याच तालुक्यात चित्रकलेचा शिक्षक होतो. आता माझ्या जुन्या विद्यार्थ्यांना घेऊन गावोगावच्या मूर्तींचे फोटो काढतो. बोडीच्या पाळीवर, आखरावर, पिंपळाच्या पारावर शेंदूर माखलेल्या किती मूर्ती उभ्या आहेत! त्यांना नमस्कार सगळे करतात, पण त्यांची नोंद कुठल्याच कागदावर नसते. मूर्तिचोराला अशीच मूर्ती हवी असते.

हा धंदा चालतो कसा? गावातला किंवा ओळखीचा माणूस मूर्ती उचलतो, त्याला थोडे पैसे मिळतात. दलाल ती मोठ्या शहरात नेतो. तिथून ती नवी शोभेची वस्तू म्हणून परदेशी रवाना होते. तिकडे पोहोचल्यावर मात्र ती पुन्हा प्राचीन होते. कुण्या जुन्या संग्राहकाकडे ती अनेक वर्षं होती, असे खोटे कागद तयार केले जातात. ते कागद दाखवून ती लिलावात किंवा थेट संग्रहालयात विकली जाते.

न्यूयॉर्कचा व्यापारी सुभाष कपूर हेच करत होता. तमिळनाडूतल्या श्रीपुरंदानच्या देवळातला नटराज त्याने ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय कलादालनाला 2008 मध्ये सुमारे 50 लाख डॉलरला विकला. पण पुद्दुचेरीच्या फ्रेंच संस्थेकडे त्या नटराजाचा देवळात काढलेला जुना फोटो होता. तो आणि कलादालनातल्या मूर्तीचा फोटो शेजारी ठेवल्यावर खोट्या कागदांना किंमत उरली नाही. 2014 मध्ये नटराज भारतात परतला आणि 2022 मध्ये कुंभकोणमच्या न्यायालयाने कपूरला मूर्तिचोरीच्या दुसऱ्या एका प्रकरणात दहा वर्षांची शिक्षा सुनावली.

नोंद नसेल तर काय होतं, हे आपण नुकतंच पाहिलं. भंडाऱ्यावर ज्यांचं राज्य होतं त्या नागपूरच्या पहिल्या रघुजी भोसल्यांची तलवार एप्रिल 2025 मध्ये लंडनला लिलावात निघाली. पात्यावर सोन्याच्या देवनागरी अक्षरांत त्यांचं नाव आहे. 1817 च्या सीताबर्डीच्या लढाईनंतर ईस्ट इंडिया कंपनीने नागपूरचा खजिना लुटला, तेव्हाच ती गेली असावी असा अंदाज आहे. पण अंदाजावर हक्क सांगता येत नाही. महाराष्ट्र सरकारला सुमारे 47 लाख रुपये मोजून आपलीच तलवार विकत आणावी लागली.

कायदा आपल्याकडे आहे. 1972 च्या पुरावशेष कायद्याप्रमाणे शंभर वर्षांहून जुनी मूर्ती खाजगी मालकीची असली तरी तिची नोंदणी करावी लागते, आणि ती देशाबाहेर नेणं गुन्हा आहे. तळ्याचा गाळ काढताना, घराचा पाया खणताना जुनी वस्तू निघाली तर जिल्हाधिकाऱ्यांना कळवावं, असं 1878 पासूनचा कायदा सांगतो. पण नाही कळवलं तर कोणाला पत्ताही लागत नाही. गोसीखुर्द धरणाच्या पाण्यासाठी गावं उठली, देवही हलले. अशा वेळी कुठून काय कुठे गेलं हे लिहून ठेवणारं माणूस लागतं.

अशी नोंद ठेवायला मोठा खर्च नाही. मोबाइल पुरतो. मूर्तीचे समोरून, मागून, दोन्ही बाजूंनी फोटो काढा. शेजारी मोजपट्टी धरा. तुटलेलं नाक, उडालेली कड, दगडातली भेग यांचे जवळून फोटो घ्या. माणूस जसा अंगावरच्या खुणेवरून ओळखतात, तशी मूर्ती याच खुणांवरून ओळखू येते. परिसराचाही एक फोटो हवा, म्हणजे ती कुठे उभी होती हे सिद्ध होतं. गावाचं नाव, तारीख आणि जुनी माणसं मूर्तीला काय म्हणतात तेही लिहा. एक प्रत ग्रामपंचायतीत, एक पोलीस ठाण्यात आणि एक पुरातत्त्व विभागाच्या नागपूर कार्यालयात द्या. शेंदूर मात्र स्वतः खरवडू नका, दगड दुखावतो.

ज्यांनी या मूर्ती घडवल्या त्यांची नावं आपल्याला ठाऊक नाहीत. त्यांचं काम तरी आपल्या गावाच्या नावावर राहावं, असं मला मनापासून वाटतं. येत्या ग्रामसभेत हा विषय मांडा, आणि फोटो काढायचं काम शाळेतल्या मुलांवर सोपवा. ज्या मुलाने मूर्ती चारही बाजूंनी न्याहाळली, तो ती जागेवर नसल्याचं सगळ्यांत आधी सांगेल.