कॅमेरा बंद करायची घाई नाही

आनंद पटवर्धनांचा माहितीपट मी दोनदा बघतो. पहिल्यांदा विषयात गुंततो, म्हणून दुसऱ्यांदा नुसता कॅमेरा बघायचा. परवा ‘राम के नाम’ पुन्हा लावला. अयोध्येतल्या राममंदिरासाठी निघालेली १९९० सालची रथयात्रा, घोषणा, गर्दी. त्या उत्साहातल्या तरुणांना कॅमेऱ्यामागून हलक्या आवाजात प्रश्न येतो: रामाचा जन्म कोणत्या साली झाला? पोरं अडखळतात. चॅनेलवाल्याने इथेच कट मारला असता. पटवर्धन थांबतात आणि त्या अवघडलेपणालाही फुटेज देतात. कधी कधी त्यांचा प्रश्न उत्तर गृहीत धरूनच आलाय असं वाटतं, ते मला खटकतं. पण समोरच्याचं बोलणं ते मध्येच तोडत नाहीत. त्याच चित्रपटात वादग्रस्त जागेतल्या मंदिराचे पुजारी लालदास शांतपणे बोलतात, आणि त्या बोलण्याला पुरेपूर वेळ मिळतो. १९९३ साली लालदासांची हत्या झाली.

कॅमेरा बहुतेकदा स्वतःच्या हातात, संकलनही स्वतःचंच. त्यामुळे वेळ लागतो, आणि तो किती लागावा याला धरबंध नाही. ‘हमारा शहर’ (१९८५) हा मुंबईच्या झोपडपट्ट्यांवरचा माहितीपट. त्यात शाहीर विलास घोगरे गातात. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात दहाजण गेले. काही दिवसांतच घोगऱ्यांनी आत्महत्या केली. पटवर्धनांनी तिथून चित्रीकरण सुरू केलं ते चौदा वर्षं. गोळीबाराचा खटला रेंगाळला, निवडणुका येऊन गेल्या, आंबेडकरी जलशांतली गाणी एका पिढीकडून दुसरीकडे गेली. त्यातून तीन तासांहून लांब ‘जय भीम कॉम्रेड’ उभा राहिला. चौदा वर्षं एका विषयापाशी बसून राहायला पैसा कमी आणि चिकाटी जास्त लागते.

कोर्टाच्या पायऱ्या तर त्यांच्या कामाचाच भाग झाल्या आहेत. ‘जंग और अमन’ या त्यांच्या माहितीपटाला सेन्सॉर बोर्डाने कट सुचवले, तेव्हा मुंबई उच्च न्यायालयापर्यंत लढून त्यांनी २००३ साली तो एकही कट न देता सोडवून घेतला.

‘जय भीम कॉम्रेड’चे मुंबईतले सुरुवातीचे खेळ मल्टिप्लेक्समध्ये झाले नाहीत. जानेवारी २०१२ मध्ये भायखळ्याच्या बीआयटी चाळींत, उघड्यावर पडदा लावून तो दाखवला गेला.