पाच पैशांचं जादा तिकीट

१९७१ सालच्या मार्च महिन्याची १० तारीख. लोकसभेच्या मध्यावधी निवडणुकीचं मतदान त्या दिवशी संपलं. त्याच दिवशी तिकडे त्रिनिदादमध्ये, पोर्ट ऑफ स्पेनच्या मैदानावर, भारतानं वेस्ट इंडिजला कसोटीत पहिल्यांदा हरवलं. तिथली वेळ आपल्या बरीच मागे, त्यामुळे बातमी दुसऱ्या दिवशी आली. महिनाभरात शिरगणतीही उरकली आणि देशाची लोकसंख्या भरली ५४ कोटी ८० लाखांच्या आसपास. एकाहत्तर साल म्हटलं की पुढे काय आठवतं, हे सगळ्यांना पाठ आहे : ओव्हल आणि ढाका. त्या दोन्ही विजयांबद्दल मला आजही अभिमान आहे. पण त्या वर्षीचं आपलं सर्वांत मोठं काम तिसरंच होतं, आणि ते आपण फार लवकर विसरलो.

आधी निवडणूक. काँग्रेस १९६९ मध्ये फुटली होती आणि इंदिरा गांधींचं सरकार इतरांच्या आधारावर उभं होतं. मुदतीला वर्षाहून अधिक काळ उरलेला असताना त्यांनी लोकसभा विसर्जित केली. संघटना काँग्रेस, जनसंघ, स्वतंत्र पक्ष आणि संयुक्त समाजवादी यांनी बडी आघाडी उभारून ‘इंदिरा हटाओ’ म्हटलं. बाईंनी उत्तर दिलं, ‘गरिबी हटाओ’. भिंती त्यांच्या गाय-वासरू या निवडणूक चिन्हाच्या चित्रांनी भरल्या. निकाल लागला तेव्हा ५१८ पैकी ३५२ जागा त्यांच्या होत्या. महाराष्ट्रात ४५ पैकी ४२. विधानसभांच्या निवडणुकांपासून लोकसभेची निवडणूक प्रथमच सुटी झाली होती, त्यामुळे गावातला पाटील कुणाकडे आहे यापेक्षा दिल्लीत कोण हवं याचा विचार लोकांनी केला. या विजयाच्या पोटातच पुढचं दुखणं होतं. रायबरेलीत इंदिरा गांधींकडून लाखाहून जास्त मतांनी हरलेले राजनारायण एप्रिलमध्ये न्यायालयात गेले. जुलैत विनाचौकशी स्थानबद्धतेचा मिसा कायदा झाला. चार वर्षांनी, पंचाहत्तरच्या जूनमध्ये, आणीबाणीत हे दोन धागे एकत्र आले. एकाहत्तरच्या मार्चमध्ये मात्र कुणाला त्याची चाहूल नव्हती.

क्रिकेटकडे वळतो, कारण त्यावर थांबल्याशिवाय मला पुढे जाता येत नाही. अजित वाडेकर कर्णधार झाले ते निवड समितीचे अध्यक्ष विजय मर्चंट यांच्या निर्णायक मतानं. आधीचे कर्णधार पतौडी यांचं नाव मागे पडलं. संघाकडून कुणाची फार अपेक्षा नव्हती. किंग्स्टनच्या पहिल्या कसोटीत ५ बाद ७५ अशी अवस्था होती. तिथे दिलीप सरदेसाई उभे राहिले. मडगावात जन्मलेला हा माणूस संघात कसाबसा घेतला गेला होता. त्यानं २१२ धावा काढल्या, आणि दुसऱ्या टोकाला एकनाथ सोलकर ६१ धावांपर्यंत टिकले. सोलकर हिंदू जिमखान्यावर खेळपट्टीची निगा राखणाऱ्या माळ्याचा मुलगा. मैदानाच्या कडेच्या खोलीत वाढलेला. भारताला १७० धावांची आघाडी मिळाली. पहिला दिवस पावसात गेल्यामुळे फॉलोऑनसाठी १५० ची आघाडी पुरेशी होती. वाडेकरांनी वेस्ट इंडिजचे कर्णधार सोबर्स यांना ‘पुन्हा खेळायला या’ असं कळवलं, तो प्रसंग नुसता वाचतानाही अंगावर काटा येतो. तोवर वेस्ट इंडिजवर आघाडी ही गोष्टच आपल्याला ठाऊक नव्हती.

सुनील गावसकर बोट दुखावल्यामुळे त्या सामन्यात नव्हते. उरलेल्या चार सामन्यांत त्यांनी ७७४ धावा केल्या, शेवटच्या सामन्यात १२४ आणि २२०. वय एकवीस. त्रिनिदादच्या लॉर्ड रिलेटर या कॅलिप्सो गायकानं त्यांच्यावर गाणं रचलं. हरलेल्या घरच्या माणसानं पाहुण्याचं गुणगान करावं, हे त्या बेटाचं मोठेपण.

ऑगस्टमध्ये ओव्हल. इंग्लंड २६ कसोट्यांत हरलेलं नव्हतं. पहिल्या डावात त्यांना ७१ धावांची आघाडी. मग भागवत चंद्रशेखर आले. लहानपणी पोलिओनं कृश झालेल्या त्याच उजव्या हातानं त्यांनी ३८ धावांत ६ बळी घेतले, आणि इंग्लंडचा डाव १०१ वर आटोपला. सोलकरांनी फॉरवर्ड शॉर्ट लेगला ॲलन नॉटचा जमिनीलगत झेललेला चेंडू ज्यांनी छायाचित्रात पाहिला, त्यांना तो कधी विसरता आला नाही. २४ ऑगस्टला, गणेश चतुर्थीच्या दिवशी, मैदानावर बेला नावाची हत्तीण आणली गेली होती. इथे घरोघर गणपती बसले होते आणि आरतीच्या मधेच कुणीतरी रेडिओकडे धावत होतं. वाडेकर सकाळीच धावबाद झाले आणि ड्रेसिंग रूममध्ये झोपून गेले, असं सांगतात. आबिद अलींनी चौकार मारला, सामना चार गड्यांनी जिंकला. १९३२ पासून इंग्लंडमध्ये एकही कसोटी न जिंकलेल्या देशाला ३९ वर्षांनी हा दिवस दिसला.

हॉकीत तेवढं यश आलं नाही. पहिला विश्वचषक ऑक्टोबरमध्ये बार्सिलोनाला झाला. उपांत्य सामन्यात पाकिस्तानकडून हार, शेवटी कांस्य. स्पर्धा मुळात पाकिस्तानात व्हायची होती. ती तिथे होऊ शकली नाही याचं कारण वर्षभर रोज वर्तमानपत्रात येत होतं.

मराठी रंगभूमीवर ‘नटसम्राट’चा पहिला प्रयोग डिसेंबर १९७० च्या अखेरीस झाला, म्हणजे डॉ. श्रीराम लागूंचा तो नट एकाहत्तरभर गावोगाव हिंडत होता. पडद्यावर दादा कोंडक्यांचा ‘सोंगाड्या’ आला, आणि जो मराठी माणूस चित्रपटगृहापासून दुरावला होता तो पुन्हा रांगेत उभा राहिला. ‘आनंद’ही त्याच वर्षीचा. मुंबईत घडणाऱ्या त्या गोष्टीत रमेश देव आणि सीमा देव यांचं घर आहे, आणि मरणाच्या दारातल्या माणसाला जीव लावणारी ललिता पवारांची मेट्रन आहे. त्या वर्षी देशानं जे केलं ते त्या मेट्रनच्या जातीचं होतं, असं मला वाटतं.

२५ मार्चच्या रात्री पाकिस्तानी लष्करानं पूर्व पाकिस्तानात, ढाक्यात कत्तल सुरू केली. तिथून माणसं भारताकडे चालू लागली. बंगालच्या जेसोर रस्त्यावरून, त्रिपुराच्या टेकड्यांतून, आसाम आणि मेघालयातून, डोक्यावर गाठोडी आणि काखेत मुलं घेऊन. वर्ष सरेपर्यंत ती संख्या सुमारे एक कोटी झाली. नुकतीच जी शिरगणती झाली होती तिच्यावर एवढी माणसं वरून आली. त्रिपुराची स्वतःची लोकसंख्या साडेपंधरा लाख. तिथे जवळपास तेवढेच पाहुणे आले. आठशेहून अधिक छावण्या उभ्या राहिल्या. हा देश तेव्हा स्वतःच आयातीच्या धान्याच्या आठवणीतून नुकता बाहेर येत होता.

पावसाळ्यात छावण्यांत कॉलरा पसरला. सीमेवरच्या बनगावच्या इस्पितळात रुग्ण जमिनीवर पडलेले होते आणि शिरेतून द्यायचं सलाइन संपत चाललं होतं. दिलीप महालनबीस नावाच्या तरुण डॉक्टरनं ग्लुकोज, मीठ आणि खाण्याचा सोडा यांच्या पुड्या करवल्या, पाण्यात विरघळवल्या आणि रुग्णांच्या नातेवाइकांच्याच हाती पेले दिले. मृत्यूचं प्रमाण शंभरात तीसच्या आसपास होतं, ते चारच्याही खाली आलं. जगभर लाखो मुलं वाचवणारी ही साधी गोष्ट त्या चिखलात पक्की झाली. आज अंगणवाडीत मिळणाऱ्या ओआरएसच्या पुडीमागे बनगावचा तो पेला आहे. या माणसाला पद्मविभूषण मिळालं ते २०२३ मध्ये, मृत्यूनंतर. त्यांची आठवण ठेवायला आपण इतका उशीर केला याची मला खंत वाटते.

१ ऑगस्टला न्यू यॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये पंडित रविशंकर आणि जॉर्ज हॅरिसन यांनी बांगलादेशासाठी मैफल केली. सतारीवर रविशंकर, सरोदवर अली अकबर खाँ, तबल्यावर अल्लारखाँ. जगातल्या कितीतरी तरुणांनी ‘बांगलादेश’ हा शब्द पहिल्यांदा तिथे ऐकला.

इथल्या घरात मदत पोचायची ती वेगळ्या वाटेनं. १५ नोव्हेंबरपासून टपालावर पाच पैशांचं जादा तिकीट लावावं लागे, निर्वासितांसाठी. सुरुवातीला नवं तिकीट छापायलाही वेळ नव्हता. कुटुंबनियोजनाच्या तिकिटावरच ‘रेफ्युजी रिलीफ’ असा छाप मारून ते चालवलं. पाच पैसे म्हणजे फार नव्हे, पण तेव्हा ते प्रत्येक पत्राला मोजावे लागायचे. मुलाला नोकरी लागल्याचं कळवणाऱ्या, मुलगी पाहायला येत असल्याचं सांगणाऱ्या आणि गावाकडे म्हातारी गेल्याची बातमी देणाऱ्या पत्राचेही पाच पैसे बनगावला जात होते. आमच्या घरी तारेला ओवलेल्या जुन्या पत्रांच्या गठ्ठ्यात असे लिफाफे अजून आहेत. त्या तिकिटाबद्दल एका ओळीत कुणी कुरकुर केलेली मला सापडली नाही.

३ डिसेंबरला संध्याकाळी युद्ध सुरू झालं. मुंबईत काचांना काळे कागद लागले, दिवे मालवले गेले, भोंगा वाजला की चाळीचे जिने अंधारात भरून जायचे. ४ तारखेच्या रात्री नौदलाच्या क्षेपणास्त्र नौकांनी कराची बंदर पेटवलं. ९ तारखेला आपली ‘खुकरी’ ही युद्धनौका बुडाली. १८ अधिकारी आणि १७६ नौसैनिक गेले, आणि कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला जहाज न सोडता त्याच्याबरोबर गेले. पूर्वेत जमालपूरच्या लढाईत मराठा लाइट इन्फंट्रीची पहिली बटालियन, म्हणजे जंगी पलटण, शत्रूचा ढाक्याकडचा रस्ता अडवून बसली होती. तिथल्या पाकिस्तानी कमांडरनं शरणागतीच्या पत्राला उत्तर म्हणून बंदुकीची गोळी कागदात गुंडाळून पाठवली. ११ तारखेला जमालपूर पडलं. १६ डिसेंबरला ढाक्याच्या रेसकोर्सवर पाकिस्तानच्या जनरल नियाझींनी भारताच्या जनरल अरोरांसमोर शरणागतीवर सही केली. सुमारे ९३,००० माणसं कैद झाली. तेरा दिवसांत एक देश जन्माला आला.

वर्ष संपता संपता, ३० डिसेंबरला, केरळात कोवळम इथे अवकाशशास्त्रज्ञ विक्रम साराभाई झोपेतच गेले. अवघे ५२ वर्षांचे.

आणि जेसोर रस्त्यावर माणसं पुन्हा चालू लागली, या वेळी उलट दिशेनं. पुढच्या तीनएक महिन्यांत जवळजवळ सगळी परतली. ढाक्याच्या सहीचं छायाचित्र आपल्या प्रत्येक पाठ्यपुस्तकात आहे. चटया गुंडाळून, छावणीतली पातेली डोक्यावर घेऊन, जळालेल्या घरांकडे निघालेल्या त्या रांगांचं एखादं छायाचित्र तरी त्याच्या शेजारी असायला हवं होतं.