सासऱ्याचा चहा, जावयाचं संगीत!

फुकट शिकायला मिळावं म्हणून त्याने कुणालाच नको असलेलं वाद्य पत्करलं. पुढे तोच रशियन मुलगा अमेरिकेतल्या नामांकित वाद्यवृंदाचा पंचवीस वर्षं सूत्रधार झाला. पण सर्गेई कुसेवित्स्की यांची खरी कमाई टाळ्यांची नव्हती. हातात आलेला पैसा त्यांनी कुठे घातला, याची ही कहाणी.

१९१० सालची गोष्ट. रशियातल्या व्होल्गा नदीतून एक आगबोट निघाली होती. बोटीवर ना धान्याची पोती होती, ना लाकडाचे ओंडके. होती ती व्हायोलिन्स, चेलो, बासऱ्या, नगारे आणि ही सारी वाद्यं वाजवणारा अख्खा वाद्यवृंद! काठावरचं शहर आलं की बोट धक्क्याला लागायची. मंडळी वाद्यं घेऊन उतरायची, मैफल करायची आणि पुन्हा बोटीवर चढायची. मजल दरमजल करत हा संगीताचा तांडा थेट आस्त्राखानपर्यंत गेला. मॉस्को-पीटर्सबर्गच्या सभागृहांत वाजणारं संगीत ज्यांनी जन्मात ऐकलं नव्हतं, अशा माणसांच्या दारी ते चालून आलं होतं.

या खटाटोपाचा खर्च करणारा आणि हातात छडी घेऊन वादकांपुढे उभा राहणारा माणूस एकच होता... सर्गेई कुसेवित्स्की. वय वर्षं छत्तीसच्या आत-बाहेर. पाठीमागे कुजबुज मात्र चालायची, ‘यात याचं काय? पैसा तर बायकोचा!’

कुजबुज खोटी नव्हती. पण ती अर्धीच होती.

उरलंसुरलं वाद्य

कुसेवित्स्कींचा जन्म २६ जुलै १८७४ चा. मॉस्को आणि पीटर्सबर्ग यांच्या वाटेवरच्या वीश्नी वोलोच्योक नावाच्या लहानशा गावातला. घर ज्यू, गरीब, पण संगीताचं. मुलगा तीन वर्षांचा असतानाच आई गेली. चौदाव्या वर्षी तो संगीत शिकायला मॉस्कोला पोहोचला, तेव्हा दारातच दोन अडथळे उभे होते.

पहिला धर्माचा. झारच्या त्या काळात ज्यूंना मॉस्कोत राहण्याची मोकळीक नव्हती. मुलाने ख्रिस्ती दीक्षा घेतली, तेव्हा कुठे शहराचं दार उघडलं.

दुसरा अडथळा पैशाचा. संगीतशाळेत शिष्यवृत्ती मिळाली ती डबल बास या वाद्यासाठी. डबल बास म्हणजे व्हायोलिनच्या घराण्यातला सर्वांत थोरला भाऊ. माणसापेक्षा उंच, उभं राहून वाजवायचा, आवाज खर्जातला. आपल्याकडे सारंगी जशी वर्षानुवर्षं गाण्याच्या साथीपुरतीच मानली गेली, तशीच गत तिकडे या वाद्याची. वाद्यवृंदात मागच्या बाजूला उभं राहून आधार द्यायचा, एवढंच त्याचं काम. हौसेने ते शिकायला फारसं कुणी येत नसे. म्हणूनच तर फी माफ!

पण मुलाने ते उरलंसुरलं वाद्य असं काही साधलं, की विसाव्या वर्षी तो मॉस्कोच्या विख्यात बोल्शोई थिएटरच्या वाद्यवृंदात दाखल झाला. १९०१ साली तो तिथल्या डबल बास वादकांचा प्रमुख झाला. १९०३ मध्ये तर बर्लिनला जाऊन त्याने निव्वळ डबल बासची मैफल केली. साथीच्या वाद्याला त्याने मंचाच्या मधोमध आणून उभं केलं. त्या वाद्यासाठी त्याने स्वतः एक कॉन्चेर्तोही लिहिला. डबल बास शिकणारी मुलं तो आजही वाजवतात.

नताली आली आणि...

१९०५ साली आयुष्याने कूस बदलली. एका नर्तकीशी झालेला पहिला विवाह संपवून कुसेवित्स्कींनी नताली उश्कोवा हिच्याशी लग्न केलं. नताली ही चहाच्या बड्या व्यापाऱ्याची मुलगी. घरी पैशाला तोटा नव्हता. बोल्शोईची नोकरी सोडून जोडपं बर्लिनला गेलं.

दुसरा कुणी असता तर उरलेलं आयुष्य मजेत काढलं असतं. कुसेवित्स्कींना मात्र वाद्यवृंदाचं संचालन शिकायचं होतं. ‘कंडक्टर’ म्हटलं की आपल्याला एसटीची घंटी आठवते. पण या कंडक्टरचं काम फार अवघड. शंभरेक वादक, प्रत्येकापुढे वेगळा कागद. कुणी केव्हा सुरुवात करायची, कुणी किती दबून वाजवायचं, लय कुठे रेंगाळायची, हे सारं एकाने ठरवायचं. आणि त्या एकाच्या हातात वाद्य नाही! त्याचं वाद्य म्हणजे समोरची माणसं. मग सराव करायचा तरी कसा? कुसेवित्स्कींनी पैसे मोजून विद्यार्थ्यांचा वाद्यवृंद उभा केला आणि त्याच्यापुढे हात बसवला. आर्थर निकिश या थोर संचालकाचं काम बारकाईने पाहिलं. १९०८ मध्ये त्यांनी बर्लिन फिलहार्मोनिकसमोर पहिली जाहीर मैफल केली. त्या दिवशी पियानोवर होते खुद्द राखमानिनोव!

पुढच्याच वर्षी त्यांनी रशियन संगीतकारांच्या रचना छापणारी प्रकाशनसंस्था काढली. आपल्याकडे बंदिश गुरूच्या गळ्यातून शिष्याच्या गळ्यात जाते. पाश्चात्त्य संगीतात तसं नाही. तिथे रचना स्वरलिपीत छापली गेली नाही, तर ती दुसऱ्या गावात वाजणार कशी? छापायला पैसा लागतो आणि नव्या संगीतकारावर तो लावायला प्रकाशक सहसा धजत नाहीत. कुसेवित्स्की धजले. स्क्रियाबिन, स्ट्राविन्स्की, प्रोकोफिएव यांच्या रचना त्यांनी छापल्या. आज ही नावं जगभर आदराने घेतली जातात. तेव्हा त्यांतल्या काहींच्या संगीताला लोक हसत होते.

मॉस्कोत स्वतःचा वाद्यवृंद, व्होल्गेवरच्या १९१०, १९१२ आणि १९१४ सालच्या सफरी... सासऱ्याचा चहा असा सुरांत विरघळत होता.

गेलं ते गेलं

१९१७ च्या क्रांतीने सगळं उलथंपालथं केलं. रशियातली मालमत्ता हातची गेली. पेत्रोग्राद, म्हणजे आधीचं पीटर्सबर्ग, तिथल्या सरकारी वाद्यवृंदाचं संचालन कुसेवित्स्कींनी काही काळ केलं. पण नव्या राजवटीत मन रमेना. १९२० साली पती-पत्नींनी देश सोडला आणि पुढे पॅरिसला बस्तान बसवलं. वय शेहेचाळीस. या वयात माणूस स्थिरस्थावर होतो; यांना नव्याने डाव मांडायचा होता.

पॅरिसमध्ये त्यांनी स्वतःच्या नावाची संगीतमाला सुरू केली. मुसोर्गस्की या रशियन संगीतकाराची चित्रप्रदर्शनावरची एक पियानो-रचना होती. कुसेवित्स्कींनी फ्रेंच संगीतकार राव्हेल यांना ती अख्ख्या वाद्यवृंदासाठी बांधायला सांगितली. १९२२ च्या ऑक्टोबरात ती प्रथम वाजली. पाश्चात्त्य संगीताच्या मैफलीत आज सर्वाधिक वाजणाऱ्या रचनांपैकी ती एक आहे.

१९२४ मध्ये अमेरिकेतून बोलावणं आलं. बोस्टन सिंफनी ऑर्केस्ट्राला पिएर माँतू यांच्या जागी नवा संचालक हवा होता. कुसेवित्स्की गेले आणि पंचवीस वर्षं तिथेच राहिले.

बोस्टनचे ‘हुकूमशहा’

त्यांना सरळ साधू ठरवण्यात अर्थ नाही. तालमीत त्यांचा पारा चढला की वादकांची गाळण उडे. इंग्रजी मोडकंतोडकं. नवी रचना बसवायची तर आधी घरी पियानोवादकाकडून ती पुन्हा पुन्हा वाजवून घेत. त्यावरून, यांना स्वरलिपी झरझर वाचता येत नाही, अशी टीका होई. अमेरिकेतल्या इतर मोठ्या वाद्यवृंदांत वादकांच्या संघटना रुजल्या, तरी बोस्टनला ती १९४२ पर्यंत नव्हती.

पण कार्यक्रमपत्रिका पाहा. जुन्या थोरांबरोबर दरवर्षी जिवंत माणसांचं संगीत! एरन कोपलंडसारख्या तरुण अमेरिकन संगीतकारांना बोस्टनच्या मंचावर हक्काची जागा मिळाली. १८८१ साली स्थापन झालेला हा वाद्यवृंद पन्नाशीत आला, तेव्हा कुसेवित्स्कींनी सोहळ्यासाठी नव्या रचना मागवल्या. स्ट्राविन्स्कींची ‘सिंफनी ऑफ साम्स’ त्यातूनच जन्मली.

पत्नीच्या नावाने

जानेवारी १९४२ मध्ये नताली गेली. छत्तीस वर्षांची साथ सुटली. कुसेवित्स्कींनी शोक केला तो आपल्या पद्धतीने. नव्या रचना लिहून घेण्यासाठी त्यांनी एक संगीत प्रतिष्ठान स्थापन केलं. जी रचना तयार होईल, ती नतालीच्या स्मृतीला अर्पण व्हायची.

१९४३ साली न्यू यॉर्कच्या एका रुग्णालयात बेला बार्टोक हा हंगेरियन संगीतकार पडून होता. महायुद्धामुळे देश सोडून आलेला, पैशाने आणि शरीराने खंगलेला. वजन जेमतेम चाळीस किलो. माणूस मानी, मदत म्हणून कुणी पैसा पुढे केला तर घेणारा नव्हे. व्हायोलिनवादक सिगेती आणि संचालक राइनर या त्याच्या मित्रांनी कुसेवित्स्कींच्या कानावर ही गोष्ट घातली, तीही बार्टोकला कळू न देता.

कुसेवित्स्की रुग्णालयात गेले. हजार डॉलर्सचं काम आहे, म्हणाले, एक रचना हवी आहे. निम्मी रक्कम आगाऊ. बार्टोक कचरत होता. आपल्या हातून काम पुरं होईल की नाही, याचीच त्याला शंका होती. पण अखेर त्याने होकार दिला. बरं वाटू लागल्यावर ऑगस्ट ते ऑक्टोबर अशा जेमतेम दोन महिन्यांत त्याने ‘कॉन्चेर्तो फॉर ऑर्केस्ट्रा’ लिहून काढला. १ डिसेंबर १९४४ रोजी बोस्टनमध्ये तो वाजला, तेव्हा बार्टोक स्वतः ऐकायला हजर होता. पुढच्या सप्टेंबरात तो गेला. पण हातून काम सुटलेला माणूस म्हणून नव्हे.

हेच बेंजामिन ब्रिटन या तरुण इंग्रज संगीतकाराबाबत. त्याच्या मनात ऑपेरा होता. तो लिहायला सवड आणि पैसा नव्हता. प्रतिष्ठानाने तो दिला. ‘पीटर ग्राइम्स’ ही मच्छीमाराची शोकांतिका ७ जून १९४५ रोजी लंडनमध्ये रंगमंचावर आली आणि इंग्रजी ऑपेराला नवी उभारी मिळाली. अर्पणपत्रिकेत नाव होतं नताली कुसेवित्स्कीचं.

भीक नव्हे, काम द्यायचं... कुसेवित्स्कींच्या दातृत्वाचं मर्म एवढंच. ‘बायकोचा पैसा’ म्हणून ज्यांनी नाकं मुरडली, त्यांना हे कधी दिसलं नाही.

मोकळ्या रानातली शाळा

बोस्टनपासून दूर, डोंगरांच्या कुशीत टँगलवुड नावाची जागा आहे. तिथे वाद्यवृंदाचा उन्हाळी महोत्सव भरे. १९४० साली कुसेवित्स्कींनी तिथे तरुणांसाठी संगीत-केंद्र सुरू केलं. १९४२ मध्ये युद्धामुळे पेट्रोलची टंचाई झाली आणि महोत्सव रद्द ठरला. कुसेवित्स्कींनी प्रतिष्ठानाच्या पैशातून शाळा चालू ठेवली. त्या ऑगस्टमध्ये विद्यार्थ्यांच्याच वाद्यवृंदाकडून त्यांनी शोस्ताकोविचची ‘लेनिनग्राद’ सिंफनी वाजवून घेतली. लेनिनग्राद तेव्हा जर्मन फौजांच्या वेढ्यात उपासमारीने मरत होतं. ते शहर म्हणजे त्यांचं जुनं पेत्रोग्रादच! ज्या राजवटीकडे पाठ फिरवून ते निघाले होते, तिच्या माणसांकडे त्यांनी पाठ फिरवली नव्हती.

पहिल्याच वर्षीच्या विद्यार्थ्यांत लेनर्ड बर्नस्टाईन हा ज्यू तरुण होता. मुलगा हुशार. कुसेवित्स्कींचा लाडका. गुरूने त्याला सल्ला दिला, नाव बदल. ‘बर्न्स’ लाव, नाहीतर ज्यू नावामुळे वाट अडेल. चौदाव्या वर्षी मॉस्कोच्या वेशीवर मिळालेला धडा म्हातारपणीही पुसला गेला नव्हता! शिष्याने नम्रपणे नकार दिला आणि त्याच नावाने जग जिंकलं. गुरूने दिलेली बाह्यांची बटणं मात्र तो मैफलीला आवर्जून लावत असे.

टँगलवुडला पुढे अनेक जण घडले. आपल्या मुंबईत जन्मलेले झुबीन मेहता १९५८ साली तिथल्या उन्हाळी वर्गात पारितोषिक विजेते ठरले. कुसेवित्स्की तेव्हा हयात नव्हते.

१९४९ मध्ये ते बोस्टनच्या पदावरून निवृत्त झाले आणि ४ जून १९५१ रोजी त्यांचं निधन झालं. टँगलवुडजवळच्या लेनॉक्स गावी नतालीशेजारी त्यांना विसावा मिळाला. १९४७ साली त्यांनी नतालीची भाची ओल्गा हिच्याशी विवाह केला होता. मागे राहिलेला त्यांचा आवडता डबल बास ओल्गाबाईंनी काचेच्या कपाटात ठेवला नाही. साठच्या दशकात त्यांनी तो गॅरी कार या तरुण अमेरिकन वादकाला देऊन टाकला, वाजवण्यासाठी! आणि नतालीच्या स्मृतीसाठी सुरू झालेलं प्रतिष्ठान आजही नव्या संगीतकारांना काम देतं.