कधीच न बोलल्या गेलेल्या शब्दाचा उच्चार

इंग्रजीतले दुर्मीळ शब्द हुडकण्याचा नाद ज्यांना लागतो, त्यांना कधी ना कधी ‘डॉर्ड’ भेटतोच. १९३४ साली निघालेल्या वेबस्टरच्या अगडबंब कोशात, ७७१व्या पानावर, तो ऐटीत बसला होता. एका बाजूला ‘डॉरकॉप्सिस’ हा लहान चणीचा कांगारू, दुसऱ्या बाजूला ‘डोरे’ म्हणजे सोनेरी, आणि मध्ये हा. नाम, भौतिक व रसायनशास्त्रातलं, अर्थ, घनता. सोबत रीतसर उच्चारही दिलेला. आणि असा शब्द इंग्रजीत कधी नव्हताच!

झालं होतं असं. कोशाचे रसायनशास्त्राचे संपादक ऑस्टिन पॅटरसन यांनी जुलै १९३१मध्ये एक चिठ्ठी टाइप केली: ‘डी ऑर डी’. घनता दाखवायला मोठा डी किंवा छोटा डी, दोन्ही चालतात, एवढंच त्यांना सांगायचं होतं. चिठ्ठी जायची संक्षेपांच्या गठ्ठ्यात, गेली शब्दांच्या. तिथे मथळ्याचा शब्द अक्षराअक्षरात जागा सोडून टाइप करायची रीत. त्यामुळे ‘ऑर’ची दोन अक्षरं दोन डींच्या मधोमध मुकाट जाऊन बसली आणि चार अक्षरी शब्द तयार झाला.

पुढे ज्याने त्याने आपापलं काम चोख केलं. मला कौतुक वाटतं ते उच्चार लिहिणाऱ्याचं. हा शब्द त्याने कुणाच्या तोंडून ऐकला असणं शक्यच नव्हतं. पण इंग्रजीत लॉर्ड आहे, कॉर्ड आहे. त्याच चालीवर हाही बसतो. उच्चार असा अंदाजाने देता येतो. व्युत्पत्ती कुठून आणणार? फेब्रुवारी १९३९मध्ये एका संपादकाची नजर नेमकी तिथेच अडली: या शब्दाला कूळच नाही. शोध घेतला तेव्हा ती जुनी चिठ्ठी हाती लागली. तरीही छापील कोशातून तो पुरता हद्दपार व्हायला १९४७ उजाडलं.

अशा शब्दांना ‘घोस्ट वर्ड’, म्हणजे भूतशब्द, हे नाव वॉल्टर स्कीट या भाषापंडिताने १८८६मध्येच देऊन ठेवलं होतं. बहुतेक भुतं चुकून जन्मतात. काही मात्र कुणीतरी हौसेने पाळलेली असतात. रूपर्ट ह्यूज यांच्या १९०३च्या संगीतकोशात एक माओरी वाद्य आहे. स्पेलिंग सुरू होतं झेड, झेड, एक्स, जे असं, आणि उच्चार म्हणे ‘शॉ’! माओरी वर्णमालेत झेड नाही, एक्स नाही, जे नाही. त्या भाषेत ‘श’सुद्धा नाही. तरी हा शब्द सत्तरएक वर्षं सुखाने नांदला, इतर पुस्तकांतही उतरला. १९७६मध्ये फिलिप कोहेन यांनी त्याच्याबद्दल जाहीर शंका घेतली. ह्यूजनी त्याचे तीन अर्थ दिले होते: ढोल, बासरी आणि समाप्ती. त्यांच्या शब्दसूचीतली ती शेवटची नोंद होती.