सुई गावाच्या हाती

घरात आजारपण आले की पहिली हाक बाईलाच जाते. लेकराचा ताप आधी तिला कळतो, रात्र ती जागते, पथ्यपाणीही तीच सांभाळते. आरोग्याच्या योजना आखताना मात्र तिला कोणी विचारीत नाही. आपल्या भंडाऱ्यातून पवनीकडे वाहत गेलेली वैनगंगा पुढे गडचिरोली जिल्ह्याच्या सीमेवरून जाते. तेथील काही गावांत तिला विचारले गेले. त्यातून काय घडले, हे शेजारी म्हणून आपण जाणून घ्यायला हवे.

डॉ. राणी बंग आणि डॉ. अभय बंग यांनी १९८६ च्या सुमारास तेथे ‘सर्च’ संस्थेचे काम सुरू केले. खेड्यातील स्त्रीचे आरोग्य म्हणजे बाळंतपण आणि कुटुंबनियोजन, एवढीच तेव्हाची समजूत. वसा आणि अमिर्झा या दोन गावांतील ६५० स्त्रियांची तपासणी झाली. त्यांपैकी ९२ टक्के स्त्रियांना कोणता ना कोणता स्त्रीरोग होता. त्यापूर्वी अशी तपासणी झालेल्या होत्या जेमतेम ८ टक्के! १९८९ साली ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात हे प्रसिद्ध झाले. बायका दुखणे लपवतात, असे आपण म्हणतो. त्यांना विचारले कोणी होते?

पुढे आदिवासींनाच विचारले गेले, की तुमचा दवाखाना कसा असावा? मोठ्या इस्पितळाची त्यांना भीती वाटे. तेथे सोयरेधायरे जवळ राहू शकत नाहीत, आपला देवही नसतो. म्हणून शोधग्रामचा दवाखाना आदिवासी गावासारखा झोपड्यांचा झाला आणि त्याला माँ दंतेश्वरीचे नाव मिळाले. दारूमुक्तीच्या चळवळीतही बाया हिरिरीने उतरल्या. १९९३ मध्ये जिल्ह्यात दारूबंदी आली. चोरटी दारू संपली नाही, पण बंदी आजही कायम आहे.

सर्वांत मोठा प्रश्न होता तान्ह्या बाळांचा. हजार जन्मांमागे ६२ बाळे महिन्याच्या आतच दगावत. ३९ गावांतील थोड्याफार शिकलेल्या बायांना आरोग्यदूत म्हणून शिकवण्यात आले. बाळाचे वजन घेणे, त्याला ऊब देणे, श्वास मोजणे, जंतुसंसर्ग ओळखणे, आणि आईबापांच्या संमतीने प्रतिजैविकाची सुई टोचणेही! सुई म्हणजे डॉक्टरांची मिरास, ती खेड्यातल्या बाईच्या हाती द्यावी काय, असा प्रश्न तज्ज्ञांना पडला. तीन वर्षांत मृत्यूंचे प्रमाण २५ च्या आसपास आले. १९९९ मध्ये हा अभ्यास प्रसिद्ध झाला आणि त्याचे उत्तर मिळाले.

सातासमुद्रापलीकडेही हेच घडले होते. ऑस्ट्रेलियातील सिडनीच्या रेडफर्न वस्तीत १९७१ मध्ये तेथील मूलनिवासींनी स्वतःचा दवाखाना काढला. त्याच्या संस्थापकांत शर्ली स्मिथ ही मूलनिवासी बाई होती. तुरुंगातील कैद्यांना भेटायला गेल्यावर अधिकारी नाते विचारत, तेव्हा ती म्हणे, ‘मी याची आई.’ त्यावरून लोक तिला ‘मम शर्ल’ म्हणू लागले. आज तेथे समाजाच्याच ताब्यातील असे शंभराहून अधिक दवाखाने आहेत. आपल्या माणसांचे आरोग्य आपल्या हाती असावे, हा आग्रह तिचा होता आणि गडचिरोलीच्या बायांचाही.

२०११ पासून बाळाच्या घरी जाऊन काळजी घेण्याचे काम देशभरच्या आशाताईंकडे आले. दवाखान्यात बाळंतपण झाले तरी पहिल्या ४२ दिवसांत आशाताईने सहा वेळा घरी यायचे असते. भंडारा जिल्ह्यातही ती येते. चिखलातून, रोवणीच्या दिवसांत स्वतःची मजुरी बुडवून येते. कागदावर मात्र ती ‘स्वयंसेविका’! मोबदल्यासाठी राज्यातील आशांना २०२३ च्या ऑक्टोबरात आणि पुन्हा २०२४ च्या जानेवारीत संपावर जावे लागले.

विश्वास टाकला तर गावातली बाई काय करू शकते, हे गडचिरोलीने दाखवले. काम तिच्यावर सोपवले. मान आणि दाम मात्र हातचे राखले. जिच्यावर आपण बाळाचा जीव सोपवतो, तिला अजून किती दिवस ‘स्वयंसेविका’च म्हणायचे? निदान पुढच्या ग्रामसभेत तरी तिला समोर बसवावे आणि विचारावे, ‘ताई, गावाच्या आरोग्यासाठी तुम्हाला काय हवे?’ उत्तर तिच्याजवळ असेल.