सर्वाधिक पराभवांचे मानकरी

इंग्लंडच्या अव्वल फुटबॉल लीगमध्ये आजवर सर्वांत जास्त सामने कोणता क्लब हरला? सांगलीच्या एका महाविद्यालयात मी बरीच वर्षे संख्याशास्त्र शिकवले, आणि गुणोत्तराचा धडा मी याच प्रश्नाने सुरू करत असे. रात्री जागून सामने पाहणारी चार-दोन मुले प्रत्येक वर्गात असतातच. ती हमखास एखाद्या दुबळ्या संघाचे नाव घेत. डर्बी काउंटीचे नाव फार वेळा यायचे. ते स्वाभाविक होते, कारण २००७-०८च्या हंगामात डर्बीने ३८ सामन्यांत एकच विजय मिळवला होता, २९ सामने गमावले होते आणि मार्च संपण्याआधीच त्याची गच्छंती पक्की झाली होती. पण उत्तर डर्बी नाही. उत्तर आहे एव्हर्टन, म्हणजे लिव्हरपूल शहरातला नऊ वेळा लीग जिंकलेला क्लब. अव्वल श्रेणीतल्या त्याच्या पराभवांची संख्या दीड हजाराच्या पुढे गेली आहे.

वर्गात थोडी शांतता पसरे. मग मागच्या बाकावरून एखादा म्हणे, ‘सर, म्हणजे ते खेळलेच जास्त असणार!’ धड्याचा निम्मा भाग तिथेच संपत असे.

इंग्लंडची फुटबॉल लीग १८८८ साली बारा क्लबांनी सुरू केली. त्या बारांत एव्हर्टन होता. पहिल्याच हंगामात त्याने २२ पैकी ११ सामने गमावले, म्हणजे हिशेबाची सुरुवात दणक्यात झाली. त्यानंतर आजपर्यंत अव्वल श्रेणीबाहेर त्याचे फक्त चार हंगाम गेले: १९३०-३१चा एक, आणि १९५१ ते १९५४ या काळातले सलग तीन. १९५४ साली तो वर आला तो पुन्हा खाली गेलेला नाही. इतके हंगाम वरच्या श्रेणीत दुसरा कोणताही इंग्लिश क्लब खेळलेला नाही. पहिल्या महायुद्धानंतर कित्येक दशके एका हंगामात ४२ सामने असत. चांगला संघही त्यांतले दहा-बारा हरतोच. दहा-बाराला शंभराहून अधिक वर्षांनी गुणा, म्हणजे हा आकडा कुठून आला ते कळते.

त्याच बारांतला अ‍ॅक्रिंग्टन पाच हंगाम टिकला, १८९३ साली लीगमधून बाहेर पडला, आणि काही वर्षांत क्लबही संपला. (पुढचा अ‍ॅक्रिंग्टन स्टॅन्ली हा वेगळा क्लब.) त्याच्या नावावर पराभव असून असून किती असणार? प्रेस्टन नॉर्थ एंडची गोष्ट याहून बोलकी आहे. पहिल्या हंगामात एव्हर्टन अकरा सामने हरत असताना प्रेस्टन २२ पैकी एकही हरला नाही. अठरा जिंकले, चार बरोबरीत सोडवले. त्या अजिंक्य संघाचे कौतुक आजही पुस्तकांत असते. पण प्रेस्टन १९६१ साली अव्वल श्रेणीतून खाली उतरला आणि नंतर परत आला नाही. साठ वर्षांहून अधिक काळ त्याच्या नावावर वरच्या श्रेणीतला एकही नवा पराभव चढलेला नाही.

हे घडते ते एका नियमामुळे. युरोपातल्या बहुतेक लीगमध्ये हंगामाच्या शेवटी तळाचे दोन-तीन क्लब खालच्या श्रेणीत जातात आणि खालून तितकेच वर येतात. याला रेलिगेशन म्हणतात. हा दरवाजा दुबळ्याला फार हरूच देत नाही. तो हरायला लागला की त्याला बाहेर काढले जाते आणि त्याचा आकडा तिथेच गोठतो. म्हणून आयुष्यभराच्या पराभवांची मोठी बेरीज त्याच्याच नावावर जमू शकते, जो दरवर्षी बाहेर न जाण्याइतपत जिंकत राहतो. एव्हर्टनने ही कसरत अलीकडे तर अगदी कडेलोटावर केली. मे २०२३मध्ये शेवटच्या दिवशी बोर्नमथला १-० हरवून तो वाचला. पुढच्या हंगामात आर्थिक नियमभंगासाठी त्याचे एकूण आठ गुण कापले गेले, तरीही वाचला. वाचला म्हणजे काय, तर पुढच्या वर्षी आणखी काही सामने हरण्याचा हक्क त्याने मिळवला.

स्पेनमध्ये या यादीच्या शिखरावर एस्पान्योल आहे. बार्सिलोना शहरातला हा दुसरा क्लब १९२९च्या पहिल्या लीगमधल्या दहांपैकी एक होता. लीगचे विजेतेपद त्याला कधीच मिळालेले नाही. त्याच शहरातला युरोपा नावाचा आणखी एक क्लब त्या दहांत होता. तो तीन हंगामांत खाली गेला आणि परतला नाही. एस्पान्योलच्या पाठीराख्याला शेजारच्या बार्सिलोनाच्या चषकांकडे पाहत जगावे लागते. पण युरोपाचा पाठीराखा आपल्या क्लबचे कमी पराभव दाखवून मिशीवर ताव देत असेल, असे मला वाटत नाही.

आता एका हंगामापुरते हरणे, ही वेगळी जात. तिचा सर्वांत करुण नमुना पश्चिम बर्लिनचा टास्मानिया. १९६५ साली हेर्टा बर्लिनवर आर्थिक गैरप्रकारांमुळे कारवाई झाली. शीतयुद्धाच्या काळात पश्चिम बर्लिनचा एक तरी क्लब बुंडेसलीगात हवा, हा हट्ट मैदानाबाहेरचा होता. हंगाम तोंडावर असताना टास्मानियाला वर उचलले गेले. पहिल्या सामन्याला ऑलिम्पिक स्टेडियमवर ८१ हजार लोक आले आणि टास्मानिया २-० जिंकला. पुढे ३४ सामन्यांत एकूण दोन विजय, चार बरोबरी, २८ पराभव. १५ गोल केले, १०८ खाल्ले. हिवाळ्यातल्या एका सामन्याला त्याच अवाढव्य मैदानात ८२७ प्रेक्षक होते. तरीही बुंडेसलीगातल्या एकूण पराभवांच्या यादीत टास्मानिया पार तळाशी सापडतो, कारण त्याने तिथे एकच वर्ष काढले. दर पाहिला तर सर्वांत वाईट आणि बेरीज पाहिली तर नगण्य. एकाच क्लबाबद्दल ही दोन्ही विधाने खरी आहेत. अपूर्णांकात आपण अंश वाचतो आणि छेदाकडे डोळेझाक करतो, एवढेच मुलांना सांगायचे असे.

आपल्याकडे रेलिगेशनचा दरवाजाच बसवलेला नव्हता. २०१४ साली सुरू झालेल्या इंडियन सुपर लीगमध्ये, निदान पहिली दहा वर्षे, तळाच्या संघाला खाली जावे लागत नसे. २०२२-२३मध्ये गुवाहाटीचा नॉर्थईस्ट युनायटेड सुरुवातीचे सलग दहा सामने हरला. अख्ख्या हंगामात २० सामन्यांत एक विजय, दोन बरोबरी, सतरा पराभव. दरवाजा असता तर हा क्लब त्या वर्षी गेला असता. तो राहिला, आणि २०२४ साली मोहन बागानला हरवून ड्युरँड चषक घेऊन आला, त्याचा पहिलाच चषक. या दोन गोष्टींत कार्यकारणाचा धागा मी ओढून-ताणून जोडणार नाही. प्रशिक्षक बदलला, खेळाडू बदलले. पण ते बदल करायला क्लब जागेवर होता, हे खरे.

महाराष्ट्राचा हिशेब करायला बसलो, तेव्हा मात्र मन उदास झाले.

मुंबईचा महिंद्रा युनायटेड २००५-०६ साली राष्ट्रीय फुटबॉल लीग जिंकला. महाराष्ट्रातल्या क्लबासाठी ही केवढी गोष्ट होती! २०१० साली कंपनीने संघ बंद केला. यापुढे शालेय फुटबॉलकडे लक्ष देऊ, असे सांगितले. पुणे एफसी २०१२-१३मध्ये आय-लीगचा उपविजेता होता. दोन-तीन वर्षांत तोही गेला. पुण्यातच भारत एफसी नावाचा संघ २०१४-१५मध्ये आय-लीगमध्ये उतरला, तळाला राहिला आणि एका हंगामानंतर संपला. डीएसके शिवाजियन्स दोन हंगाम खेळला. मुंबई एफसी २००८पासून आय-लीगमध्ये होता. तो २०१७ साली तळाला गेला आणि त्यानंतर राष्ट्रीय पातळीवर दिसला नाही. एफसी पुणे सिटी २०१९मध्ये आवरला गेला आणि त्याची जागा हैदराबादने घेतली. शेजारच्या गोव्यात पाच राष्ट्रीय विजेतेपदे मिळवलेला डेम्पो २०१६ साली, साळगावकर आणि स्पोर्टिंग यांच्यासह, आय-लीगमधून बाहेर पडला.

या यादीत मैदानावर हरून बाहेर गेलेले थोडे आहेत. बहुतेकांचा निर्णय ताळेबंदाच्या टेबलावर झाला. एव्हर्टनच्या खात्यात दीड हजार पराभव जमायला सव्वाशे वर्षे लागली. आपल्या क्लबांना खाते उघडून नीट पहिले पान भरण्याचीही सवड मिळाली नाही. पराभवांच्या राष्ट्रीय यादीत महाराष्ट्राची नावे फार वर दिसत नाहीत, याचा अभिमान कुणी बाळगू नये.

टिकू दिले तर काय होते, याचे उदाहरण फुटबॉलात शोधत बसायला नको. सांगलीत आहे. विजय हजारे ११ मार्च १९१५ रोजी याच गावात जन्मले. एका शाळामास्तरांचा हा मुलगा ज्या भारतीय संघाचा कर्णधार झाला, तो कसोटी क्रिकेटचा एव्हर्टन नव्हे, टास्मानियाच होता म्हणा ना. १९३२च्या पहिल्या कसोटीपासून पहिल्या २४ सामन्यांत भारताचे १२ पराभव, १२ अनिर्णित, विजय शून्य. कसोटीत रेलिगेशन असते, तर भारत तिसाव्या दशकातच घरी बसला असता. तसे नव्हते म्हणून पंचविसावा सामना झाला. फेब्रुवारी १९५२मध्ये मद्रासला हजाऱ्यांच्या नेतृत्वाखाली भारताने इंग्लंडला एक डाव आणि ८ धावांनी हरवले.

हजाऱ्यांच्या थोर खेळी मात्र बहुतेक हरलेल्या बाजूच्या. १९४३च्या पंचरंगी स्पर्धेच्या अंतिम सामन्यात ‘रेस्ट’ संघाच्या दुसऱ्या डावातल्या ३८७ धावांपैकी ३०९ एकट्या हजाऱ्यांच्या होत्या. तरी संघ एक डाव आणि ६१ धावांनी हरला. जानेवारी १९४८मध्ये अ‍ॅडलेडला ब्रॅडमनच्या ऑस्ट्रेलियाविरुद्ध त्यांनी दोन्ही डावांत शतके केली, ११६ आणि १४५. भारताचा तो पराभवही डावानेच झाला. जून १९५२मध्ये लीड्सला फळ्यावर शून्य धावा आणि चार बाद अशी अवस्था होती. हजाऱ्यांनी तिथून ५६ केल्या आणि सामना गमावला. कर्णधार म्हणून १४ कसोटी: एक विजय, पाच पराभव, आठ अनिर्णित. नुसता अंश वाचला तर हा आकडा सामान्य दिसतो. सांगलीत आजही कुणी-कुणी ‘शून्यावर चार’ एवढेच आठवतो, तेव्हा मला राग येतो.

सातारा जिल्ह्याचे उदाहरण मी थोडक्यात सांगतो, कारण ते इथल्या प्रत्येकाला ठाऊक आहे. फक्त त्यातला एक तपशील सहसा गाळला जातो. कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव १९४८ला लंडनमध्ये सहावे आले. १९५२ला हेलसिंकीत शेवटच्या तिघांत पोचले आणि तिथे सोव्हिएत संघाचा मामेदबेकोव्ह व जपानचा इशी या दोघांकडूनही हरले. स्वतंत्र भारताचे पहिले वैयक्तिक ऑलिम्पिक पदक घेऊन आलेल्या मल्लाच्या त्या स्पर्धेतल्या शेवटच्या दोन्ही कुस्त्या पराभवाच्या आहेत. त्या दोघांशी हरायला आधी तिथवर पोचावे लागत होते.

आमच्या दोन्ही जिल्ह्यांत राष्ट्रीय लीग खेळणारा फुटबॉल क्लब नाही. फुटबॉलचे वेड पाहायचे तर सांगलीहून तासा-दीड तासाच्या अंतरावर कोल्हापूरला जावे लागते. छत्रपती शाहू स्टेडियमवर उतरणाऱ्या संघांची नावे वाचा: पाटाकडील तालीम मंडळ, खंडोबा तालीम मंडळ, दिलबहार तालीम मंडळ, बालगोपाल तालीम मंडळ. कुस्तीच्या तालमी आणि त्यांच्या पेठा या संघांच्या पाठीशी उभ्या आहेत. यांतल्या कुणाचा ताळेबंद मुंबईच्या कार्यालयात तपासला जात नाही. पेठ तिथेच असते, तालमीची इमारत तिथेच असते, आणि यंदा वाईट हरलेला संघ पुढच्या हंगामात त्याच नावाने, त्याच रंगाच्या जर्सीत मैदानात येतो. गेल्या हंगामात मी दोन सामने पाहिले. दुसऱ्या सामन्यानंतर हरलेल्या संघाचे पाठीराखे फाटकाबाहेर घोळका करून उभे होते आणि पंचाला भरपूर शिव्या देऊन झाल्यावर पुढचा सामना कोणत्या वारी आहे, याची चौकशी करत होते.